नियम सगळे आठवत होते

आपल्या वार्षिकाच्या संपादक मंडळाने या वर्षी निवृत्त शिक्षकांकडून 'माझे गुरू' या विषयावर लेख मागविले. मी होकार दिला खरा. परंतु लिहावयास बसलो तेव्हा ध्यानात आले की, ज्या गुरूंविषयी मला लिहावयाचे आहे त्यांना मी कधी पाहिलेलेच नाही. माझ्या जन्मापूर्वी कितीतरी वर्षे ते वारले. त्यांची मातृभाषा जर्मन, ती मला येत नाही. ते ज्या गावी राहिले ते गाव मी केवळ नकाशावर पाहिले आहे. तरीही माझ्या हातून घडलेल्या एका मोठ्या चुकीचा उलगडा मला त्यांच्यामुळे झाला. तेव्हा गुरू म्हणावयाचे तर त्यांनाच म्हटले पाहिजे. त्यांचे नाव विल्हेल्म व्हिएटोर. जर्मनीतील मार्बुर्ग विद्यापीठात ते इंग्रजी भाषेचे प्राध्यापक होते.

हे नाव मी प्रथम ऐकले ते १९८५ साली, बी.एड.च्या वर्गात. अध्यापनपद्धतीच्या टिपणात त्यांच्या वाट्याला जेमतेम दीड ओळ आली होती : भाषाशिक्षणातील सुधारणेची चळवळ, प्रवर्तक व्हिएटोर, जर्मनी, १८८२. ही दीड ओळ आम्ही सर्वांनी पाठ केली, परीक्षेत लिहिली, तिचे गुण पदरात पाडून घेतले आणि विसरून गेलो. ज्या गृहस्थाने घोकंपट्टीविरुद्ध रान उठविले त्यालाच आम्ही घोकून टाकले होते, यातला विनोद त्या वेळी आमच्यापैकी एकाच्याही लक्षात आला नाही.

१९८६ च्या जूनमध्ये मी बेळगावातील एका मराठी शाळेत इंग्रजीचा शिक्षक म्हणून रुजू झालो. मला जसे शिकविले गेले तसेच मी शिकवू लागलो. आमच्या घरी तर्खडकरांची भाषांतर पाठमाला होती. वडिलांनी ती केली, थोरल्या भावाने केली, मी केली. आधी नियम, मग नियमाखाली दहा-बारा सुटी वाक्ये, त्यांचे मराठीतून इंग्रजीत आणि इंग्रजीतून मराठीत भाषांतर, ही पद्धत माझ्या हाडीमासी भिनलेली होती. ती वाईट आहे असे मला कधी वाटले नाही. आजही सर्वस्वी वाईट आहे असे मी म्हणणार नाही. माझ्या वर्गातली मुले उत्तीर्ण होत असत आणि पालक मला रस्त्यात नमस्कार करीत असत.

१९९४ साली दहावीत एक मुलगा होता. वडगावच्या बाजूचा, घरी माग. शाळा सुटली की तो कांड्या भरावयास बसे आणि कांड्या भरता भरता क्रियापदांची रूपे म्हणे. वीव्ह, वोव्ह, वोव्हन हे त्याचे आवडते क्रियापद, कारण ते त्याच्या घरचे होते. हा मुलगा घरी मराठी बोले, गल्लीत कानडी बोले, सुताच्या दुकानात हिंदी बोले. आणि या तिन्ही भाषा तो इतक्या सहजपणे बदलीत असे की, तो भाषा बदलतो आहे हे त्याला स्वतःला उमगतही नसावे. इंग्रजीच्या पेपरात त्याला शंभरांपैकी अठ्ठ्याऐंशी गुण मिळाले. मी त्याला पेढा दिला.

तीन वर्षांनी तो मला भेटावयास आला. तांत्रिक शिक्षण पुरे करून तो दूरच्या एका कारखान्यात मुलाखतीस गेला होता आणि नापास होऊन परतला होता. मुलाखत घेणाऱ्याने पहिलाच प्रश्न विचारला तो असा : व्हॉट डज युवर फादर डू? विद्यार्थिमित्रांनो, हा प्रश्न आम्ही वर्गात किती वेळा केला होता याची गणती नाही. विधानार्थी वाक्याचे प्रश्नार्थी करा, या सदरात तो नेहमीचाच. परंतु कागदावर जे पाच सुटे शब्द दिसतात ते बोलणाऱ्याच्या तोंडून एकमेकांत मिसळून, अर्धे गिळून, एका श्वासात बाहेर पडतात. त्या मुलाच्या कानावर एक लांबलचक अनोळखी शब्द आदळला. तो गप्प राहिला. प्रश्न पुन्हा विचारला गेला, तरीही तो गप्पच. तिसऱ्यांदा कोणी विचारले नाही.

"सर," तो मला म्हणाला, "नियम सगळे आठवत होते."

त्याच्या बोलण्यात तक्रारीचा सूर नव्हता. माझे काही चुकले असेल असा संशयही त्याला शिवला नव्हता. आपणच कोठे कमी पडलो हे विचारावयास तो आला होता. मी त्याला काय सांगितले? सांगावयास लाज वाटते. मी म्हणालो, "सराव कमी पडला तुझा." तो मान हलवून गेला, आणि वडिलांच्या मागावर बसला.

हे शल्य मनात राहिले. पण शल्य राहिले म्हणून पद्धत बदलते असे नाही. मी आणखी बावीस वर्षे जवळजवळ तसेच शिकवीत राहिलो. २०१९ मध्ये निवृत्त झाल्यावर हाती वेळ आला. इंग्रजीच्या अध्यापनाचा इतिहास सांगणारा एक ग्रंथ वाचीत असता त्याच्या शेवटी एका जुन्या जर्मन पुस्तिकेचे इंग्रजी भाषांतर छापलेले आढळले, आणि लेखकाचे नाव वाचून चौतीस वर्षांपूर्वीची ती दीड ओळ अचानक आठवली.

व्हिएटोर यांचा जन्म २५ डिसेंबर १८५० रोजी वाल्डेक या लहानशा जर्मन संस्थानातील क्लाइनर्न या खेड्यात झाला. लाइप्सिग येथे त्यांनी प्रथम धर्मशास्त्राचा अभ्यास आरंभिला. पण तो सोडून ते भाषांकडे वळले आणि बर्लिन व मार्बुर्ग येथे शिकले. गंमत अशी की, पुढे इंग्रजीचे प्राध्यापक झालेल्या या विद्वानाने पदवीसाठी प्रबंध लिहिला तो एका जुन्या फ्रेंच वीरकाव्याच्या हस्तलिखितांवर. त्या काळी जर्मन विद्यापीठांत अर्वाचीन भाषांचा अभ्यास म्हणजे जुन्या पोथ्यांचा अभ्यास, असेच समीकरण होते. इंग्रजीसाठी स्वतंत्र प्राध्यापकपदे निर्माण होऊ लागली तीच मुळी १८७० नंतर. तोवर एकच प्राध्यापक फ्रेंचही पाही आणि इंग्रजीही पाही. एखादा विद्वान हजार वर्षांपूर्वीचे इंग्रजी वाचू शके, पण लंडनच्या स्टेशनावर तिकीट मागावयाची वेळ आली तर तो अडखळे.

व्हिएटोर यांचे वेगळेपण असे की, ते शाळामास्तर होते. तरुणपणी काही काळ इंग्लंडात राहून त्यांनी तेथील मुलांना जर्मन शिकविले, आणि मायदेशी परतल्यावर शाळांतून शिकविले. म्हणजे एकच माणूस एकदा स्वतःची भाषा परक्यांना शिकवीत होता आणि एकदा परक्यांची भाषा स्वकीयांना. ज्याने हे दोन्ही केले त्याला भाषा शिकविणे म्हणजे काय, हा प्रश्न पडल्यावाचून राहत नाही असे मला वाटते. १८८२ साली लिव्हरपूल येथे युनिव्हर्सिटी कॉलेज नुकतेच सुरू झाले होते. तेथे ते अध्यापक म्हणून गेले. आणि त्याच वर्षी जर्मनीत हाइलब्रोन येथे एक लहानशी पुस्तिका प्रसिद्ध झाली. तिचे नाव मराठीत सांगावयाचे तर 'भाषाशिक्षणाने दिशा बदललीच पाहिजे!' लेखकाचे नाव मात्र त्यावर नव्हते. त्या जागी दोन लॅटिन शब्द होते : क्वोउस्क्वे तांदेम. रोमच्या सिनेटमध्ये कातिलिना नावाच्या बंडखोरास उद्देशून सिसेरोने जे प्रसिद्ध भाषण केले त्याच्या आरंभीचे हे शब्द. अर्थ असा की, अखेर कोठवर? ज्या लॅटिनच्या साच्यात घालून इंग्रजी आणि फ्रेंच शिकविली जात होती, त्या साच्यावर हल्ला करावयास लॅटिनमधलेच शब्द घेतले, यावरून गृहस्थ थोडा खोडकरही असावा. १८८६ च्या दुसऱ्या आवृत्तीत त्यांनी आपले खरे नाव उघड केले.

या पुस्तिकेला एक तात्कालिक निमित्त होते. जर्मन शाळांतील मुलांवर अभ्यासाचा बोजा फार पडतो आहे, यावरून त्या काळी मोठा वाद चालला होता. लॅटिन, ग्रीक, गणित, आणि त्यावर घरचा अभ्यास. व्हिएटोर यांनी त्या वादात उडी घेऊन सांगितले की, भाषेच्या तासांचा भार उतरवावयाचा असेल तर तास कमी करून भागणार नाही. शिकविण्याची रीतच बदलली पाहिजे. मृत भाषेसाठी तयार झालेली रीत जिवंत भाषेला लावल्यामुळे मुले शिणतात आणि हाती काही लागत नाही, हा त्यांचा मुख्य मुद्दा. कार्ल प्लोट्झ यांच्या फ्रेंच पाठ्यपुस्तकांचे तेव्हा जर्मनीत राज्य होते. एक नियम, त्याखाली एकमेकांशी काडीचाही संबंध नसलेली वाक्ये : एका वाक्यात राजा मरतो, दुसऱ्यात काकूंची छत्री हरवते. हे वाचून मला माझ्याच वह्या आठवल्या.

पण माझ्या वर्मावर बोट ठेवले ते त्यांच्या दुसऱ्या मुद्द्याने. ते म्हणतात की, भाषा ध्वनींची बनलेली असते, अक्षरांची नव्हे. आणि शाळेतली व्याकरणे मात्र अक्षरांविषयी बोलतात. याचे उदाहरण माझ्याच फळ्यावरून देतो. अनेकवचन करताना शब्दाच्या शेवटी 'एस' लावा, हा नियम मी तेहतीस वर्षे शिकविला. वस्तुतः कॅट या शब्दाचे अनेकवचन करताना तोंडातून 'स' निघतो, डॉग या शब्दाचे करताना घोष असलेला 'झ'सारखा ध्वनी निघतो, आणि हॉर्स या शब्दाचे करताना एक अख्खे अक्षर वाढते. कागदावर एक खूण दिसते, कानावर तीन वेगवेगळ्या गोष्टी पडतात. इंग्रज मूल कोणताही नियम न शिकता हे तिन्ही भेद बिनचूक पाळते. आमची मुले नियम बिनचूक सांगतात आणि 'डॉग्स' म्हणतात. यात मुलांचा दोष कोठे आला? मी त्यांना डोळ्यांची भाषा शिकविली आणि परीक्षकाने त्यांच्या कानांची परीक्षा घेतली.

व्हिएटोर यांनी सुचविलेला क्रम साधा आहे. शिक्षकाने प्रथम सलग, अर्थपूर्ण मजकूर स्वतः मोठ्याने म्हणावा. मुलांनी ऐकावे, समजून घ्यावे, पाठोपाठ म्हणावे. त्यावर प्रश्नोत्तरे व्हावीत. आणि जे वाचले त्यातूनच व्याकरण हळूहळू वेचून घ्यावे. परभाषेत भाषांतर करणे ही एक वेगळी कला असून शाळेने तिच्या नादी लागू नये, असेही त्यांचे मत होते.

या शेवटच्या मताशी मी सहमत नाही, हे येथेच सांगून टाकतो. साठ मुलांच्या वर्गात एखाद्या शब्दाचा अर्थ मराठीत सांगितला तर अर्ध्या मिनिटात काम होते. तोच हातवारे करून सांगावयाचा तर तास संपतो. शिवाय आपली भाषा आणि परकी भाषा शेजारी शेजारी ठेवून पाहण्यात एक आनंद आहे, तो मुलांपासून का हिरावून घ्यावा? पण हे मत नोंदवून मी पुढे जातो. कारण पंधरा-वीस पानांच्या लेखाला उत्तर म्हणून तेहतीस वर्षांची नोकरी पुढे करणे बरे नव्हे.

पुस्तिका लहान, पण तिचा बोलबाला मोठा झाला. १८८६ मध्ये स्टॉकहोम येथे स्कँडिनेव्हियातील भाषाशिक्षकांनी एक मंडळ काढले आणि त्याला नाव दिले 'क्वोउस्क्वे तांदेम'. टोपणनावाच्या नावाने मंडळ निघाल्याचे दुसरे उदाहरण माझ्या ऐकिवात नाही. डेन्मार्कचे ओटो येस्पर्सन त्यात होते. त्याच वर्षी फ्रान्समध्ये पॉल पासी यांनी ध्वनिशिक्षकांची जी संघटना स्थापिली तीच पुढे आंतरराष्ट्रीय ध्वनिशास्त्र परिषद झाली. शब्दकोशात उच्चार दाखविण्यासाठी जी चमत्कारिक चिन्हे दिसतात ती या परिषदेची.

व्हिएटोर मात्र तोवर मार्बुर्गला आले होते. लान नदीच्या काठचे हे टेकडीवरचे गाव. तेथील विद्यापीठ १५२७ मध्ये स्थापन झालेले. परीकथा गोळा करणारे ग्रिम बंधू येथेच कायदा शिकले होते. १८८४ मध्ये व्हिएटोर येथे इंग्रजीचे प्राध्यापक झाले आणि अखेरपर्यंत येथेच राहिले. त्याच वर्षी त्यांचा जर्मन, इंग्रजी आणि फ्रेंच या तीन भाषांच्या ध्वनिशास्त्राची मूलतत्त्वे सांगणारा ग्रंथ निघाला. त्याच्या पुढे अनेक आवृत्त्या झाल्या. ध्वनिशास्त्राला वाहिलेले एक नियतकालिक त्यांनी काढले, आणि पुढे 'नव्या भाषा' अशा अर्थाच्या नावाचे दुसरे. त्यात विद्यापीठातले पंडित लिहीत आणि शाळांतले मास्तरही लिहीत. या दोघांना एका पंगतीत बसविणे हे आजही सोपे नाही.

त्यांनी आणखी एक गोष्ट केली. शाळेच्या भिंतीवर टांगण्यासाठी ध्वनींचे तक्ते तयार केले. कोणता ध्वनी ओठांवर होतो, कोणता दातांपाशी, कोणता टाळूपाशी, कोणता घशात. कोणत्यात कंप आहे आणि कोणत्यात नाही. हे मुलांनी तक्त्यावर पाहावे आणि स्वतःच्या तोंडात शोधावे.

हे मी वाचले आणि पुस्तक मिटून बसलो. हा तक्ता माझ्या ओळखीचा होता! क ख ग घ ङ कंठ्य. च छ ज झ ञ तालव्य. ट ठ ड ढ ण मूर्धन्य. त थ द ध न दंत्य. प फ ब भ म ओष्ठ्य. जर्मन शिक्षकाला जे १८९३ च्या सुमारास भिंतीवर टांगावे लागले ते आमचे प्रत्येक पोर पहिलीत एका सुरात म्हणते. आपल्या प्रातिशाख्यकारांनी ही मांडणी अडीच हजार वर्षांपूर्वी वेदपठणाच्या शुद्धतेसाठी केली. अमेरिकन पंडित व्हिटनी यांनी अथर्ववेदाचे प्रातिशाख्य १८६२ मध्ये आणि तैत्तिरीय प्रातिशाख्य १८७१ मध्ये भाषांतरासह छापले, आणि पाश्चात्त्य ध्वनिशास्त्राच्या घडणीत या भारतीय ज्ञानाचा वाटा मोठा आहे, हे तिकडील विद्वानांनी मोकळेपणाने मान्य केले आहे. आम्ही मात्र वर्णमाला गाण्यासारखी म्हटली आणि तिच्यातील शास्त्र विसरलो. बेळगावातल्या इंग्रजीच्या शिक्षकाजवळ हे हत्यार पहिलीच्या पुस्तकापासून होते. त्याला ते हत्यार आहे हेच ठाऊक नव्हते.

या तक्त्याच्या आधाराने मी, वयाच्या साठाव्या वर्षी, स्वतःच्या तोंडात बोट घालून इंग्रजी पुन्हा शिकू लागलो. घरच्या मंडळींनी सुरुवातीस चिंता व्यक्त केली. इंग्रजांचा 'टी' आपण 'ट' असा लिहितो. पण आपल्या 'ट'साठी जीभ मागे वळते आणि 'त'साठी दातांना लागते, तर इंग्रजांची जीभ या दोहोंच्या मध्ये, हिरडीला टेकते. 'थिंक' या शब्दातला पहिला ध्वनी आपला 'थ' मुळीच नव्हे. त्यात जीभ वाट पुरती अडवीत नाही, वारा घासत बाहेर जातो. कागदाचा पातळ कपटा ओठांपुढे धरून 'प' म्हटला तर तो हलत नाही, 'फ' म्हटला तर उडतो. इंग्रज माणसाने 'पिन' म्हटले तर कपटा उडतो आणि 'स्पिन' म्हटले तर जागच्या जागी राहतो, आणि त्या इंग्रजाला याची कल्पनाही नसते. आपणही याला अपवाद नाही. मराठी जशी लिहितात तशीच बोलतात, असे आपण अभिमानाने सांगतो. मग 'चार' आणि 'चाक' हे शब्द एकामागून एक म्हणून पाहा. अक्षर एक, ध्वनी दोन.

व्हिएटोर यांच्या चळवळीत मला सर्वांत जवळचे वाटतात ते हेरमान क्लिंगहार्ट. ते प्राध्यापक नव्हते. सायलेशियातील राइखेनबाख येथील शाळेत शिक्षक होते. सुधारणेची पुस्तिका लिहिणे एक, आणि सोमवारी सकाळी प्रत्यक्ष मुलांपुढे उभे राहून ती अमलात आणणे दुसरे. इंग्लंडचे ध्वनिशास्त्रज्ञ हेन्री स्वीट यांनी बोलभाषेतील इंग्रजीचे एक प्राथमिक पुस्तक १८८५ मध्ये काढले होते, संपूर्ण ध्वनिलिपीत. क्लिंगहार्ट यांनी ते वर्गात आणले. पहिले काही दिवस केवळ ध्वनी. मग कित्येक महिने ध्वनिलिपीतला मजकूर. नेहमीचे स्पेलिंग त्यानंतर. वर्षभराचा अनुभव त्यांनी १८८८ मध्ये पुस्तकरूपाने प्रसिद्ध केला. अशा प्रयोगात पालक काय म्हणतील, मुख्याध्यापक काय म्हणतील, परीक्षेचे काय होईल, या चिंता कोणत्याही शिक्षकाला सांगावयास नकोत.

ही चळवळ सर्वत्र जिंकली असे मात्र नाही. स्वतःला बोलता येत नाही असा शिक्षक मुलांना बोलावयास कसा शिकविणार? ही अडचण जर्मनीत होती, आपल्याकडेही आहे. पुढे जुन्या-नव्याची तडजोड झाली, आणि व्हिएटोर यांनीही आपले विचार पुढे १९०२ मध्ये पद्धतीवरील व्याख्यानांच्या पुस्तकात अधिक शांतपणे मांडले.

त्यांच्या उत्तरायुष्यातील ग्रंथांची यादी पाहिली की मौज वाटते. शाळेतल्या मुलांच्या कानांची काळजी वाहणारा हा माणूस नॉर्थंब्रियातील शिलालेखांवरची रूनिक अक्षरे लावीत बसला. फ्रान्समधील ओझों या गावी सापडलेल्या, व्हेलच्या हाडापासून केलेल्या एका प्राचीन आंग्ल पेटीवरही त्यांनी १९०१ मध्ये ग्रंथ लिहिला. १९०६ मध्ये शेक्सपिअरच्या उच्चारांवरचा त्यांचा ग्रंथ निघाला. तीनशे वर्षांपूर्वी मेलेल्या माणसाचे उच्चार कसे कळावे? त्यासाठी त्यांनी शेक्सपिअरच्या काव्यांतील यमकांची सूची केली. आज 'लव्ह' आणि 'प्रूव्ह' यांचे यमक कानाला जुळत नाही; कवीने ते जुळविले असेल तर त्याच्या तोंडी या दोन स्वरांचे नाते आजच्याहून निराळे असण्याचा संभव असतो. अशी शेकडो यमके ताडून पाहावयाची, व्याकरणकारांच्या जुन्या नोंदींशी मेळ घालावयाचा. सर्व कामांत धागा एकच : छापलेल्या अक्षरामागे जो बोलणारा माणूस दडलेला असतो त्याचा आवाज ऐकावयाचा. जर्मन भाषेचाही उच्चारकोश त्यांनी केला, तो १९१२ मध्ये पुरा झाला.

मार्बुर्गमध्ये त्या काळी टिली नावाचे एक ऑस्ट्रेलियन शिक्षक परदेशी विद्यार्थ्यांसाठी भाषांची शाळा चालवीत. व्हिएटोर यांच्या विचारांचा त्यांच्यावर प्रभाव होता, आणि शिस्त अशी कडक की विद्यार्थ्याने जर्मनखेरीज अन्य भाषेचा शब्द उच्चारू नये. १९०० साली तेथे डॅनिएल जोन्स नावाचा एक इंग्रज तरुण आला. ध्वनिशास्त्राची पहिली ओळख त्याला येथे झाली. याच जोन्स यांचा इंग्रजी उच्चारकोश १९१७ मध्ये प्रसिद्ध झाला; त्याची एक जुनी, पाठ फाटलेली प्रत माझ्या कपाटात नोकरीभर होती. मी ती स्पेलिंग पाहण्यासाठी वापरीत असे.

व्हिएटोर १९१८ च्या सप्टेंबरात मार्बुर्ग येथे वारले. ज्या देशाच्या भाषेसाठी त्यांनी आयुष्य वेचले त्या देशाशी त्यांच्या देशाचे युद्ध तेव्हा अजून चालू होते.

आता थोडे घरचे. दोन वर्षांपूर्वी मी आपल्या शाळेत पाचवीच्या मुलांसाठी मंगळवारी आणि शुक्रवारी शाळा सुटल्यावर एक वर्ग सुरू केला. साहित्य म्हणजे चार आरसे आणि कागदाचे कपटे. पहिले दोन महिने पुस्तक उघडावयाचे नाही. मुले ऐकतात, तोंडे वेडीवाकडी करतात, आरशात जीभ पाहतात, एकमेकांना प्रश्न विचारतात आणि पुष्कळ हसतात. प्रश्नांच्या खेळात एक प्रश्न मी मुद्दाम घातला आहे. तो कोणता हे वाचकांनी ओळखले असेल. तो मी सुटा सुटा म्हणत नाही; एका श्वासात, शब्द एकमेकांत मिसळून म्हणतो, आणि मुलेही तसाच म्हणतात.

महिनाभराने एक पालक वर्गाच्या दारात आले. हातात मुलीची वही होती. केस पिकलेले, मी लगेच ओळखले नाही. "सर, महिना झाला," ते म्हणाले, "वहीत एक अक्षर नाही." आवाज ऐकला आणि ओळखले. तोच मुलगा. आता त्याचे स्वतःचे दोन यंत्रमाग आहेत. वडील जाऊन सहा वर्षे झाली.

मी काय उत्तर द्यावे याचा विचार करीत होतो. सांगावयाचे होते ते सत्तावीस-अठ्ठावीस वर्षांचे होते आणि दारात उभ्या उभ्या सांगण्यासारखे नव्हते. तेवढ्यात त्याची मुलगी आरसा हातात घेऊन धावत आली. खेळ तिच्या अंगात अजून होता. बापापुढे उभी राहून तिने एका श्वासात विचारले, "व्हॉट्डझ्युफादर्डू?"

तो तिच्याकडे पाहत राहिला. मी मध्ये बोललो नाही. मुलीने पुन्हा विचारले, तसेच, एका श्वासात.

"ही..." तो थांबला. ओठ हलले; मला ती हालचाल माहीत होती, तो रूपे म्हणत होता. "ही वोव्ह सारीज," तो म्हणाला.

मुलीला भूतकाळ अजून आलेला नव्हता. तिने माझ्याकडे पाहिले. मी मान डोलावली. त्याने वही मिटून तिच्या हाती दिली आणि पायरीवर बसून तास संपण्याची वाट पाहू लागला.